दानवीर शेठ प्रेमचंद रायचंद : वैभव, विनाश आणि विवेक

आपल्या ट्रस्टच्या सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेसाठी एखाद्या जैन श्रेष्ठीचे चरित्र लिहून द्यावे, अशी आज्ञा संपादक मंडळाने केली, तेव्हा मनात प्रथम जगडूशाह, भामाशाह, वस्तुपाल-तेजपाल ही प्रातःस्मरणीय नावे आली. त्यांच्या कथा आपली मुले पाठशाळेत ऐकतातच. परंतु माझे सारे आयुष्य कापडाच्या पेढीवर गेले. ज्याच्या जीवनात कापूस, बाजार, पत, कर्ज, दान आणि दिवाळे या साऱ्या गोष्टी एकत्र आल्या, असा पुरुष मला अधिक जवळचा वाटला. म्हणून शेठ प्रेमचंद रायचंद यांचे चरित्र निवडले.

त्यांचे नाव घेताच आपण राजाबाई टॉवरची आठवण काढतो आणि हात जोडतो. ते योग्यच आहे. परंतु ज्या बाजाराने त्यांना वैभवाच्या शिखरावर नेले, त्याच बाजाराने त्यांच्यासह सारी मुंबई बुडविली, हा भाग आपण हलक्या आवाजात सांगतो. दानाचा गौरव करताना चुकीवर पांघरूण घालणे हा थोर पुरुषाचा खरा सन्मान नव्हे. आपल्या धर्मात आलोचना आणि प्रतिक्रमण यांना जे स्थान आहे, ते लक्षात घेऊन हे चरित्र संपूर्ण वाचावे, ही विनंती.

सुरतेहून मुंबईस

प्रेमचंदजींचा जन्म १८३१ च्या सुमारास सुरत येथे एका जैन कुटुंबात झाला. वडील रायचंद दीपचंद हे लाकडाचे व्यापारी. सुरतेचे वैभव त्या काळी ओसरत चालले होते आणि मुंबईचा उदय होत होता. अनेक गुजराती कुटुंबांप्रमाणे हे कुटुंबही मुंबईस आले. प्रेमचंदजींचे शिक्षण एल्फिन्स्टन संस्थेत झाले आणि तेथे त्यांनी इंग्रजी भाषा उत्तम अवगत केली. आज या गोष्टीचे नवल वाटणार नाही. परंतु इंग्रजी बोलू, वाचू आणि लिहू शकणारे ते मुंबईचे पहिले देशी शेअर दलाल मानले जातात. साहेबाच्या बँकेत थेट जाऊन बोलणारा आणि करारनामा स्वतः वाचणारा दलाल ही तेव्हा अपूर्व गोष्ट होती.

१८४९ च्या सुमारास एका जाणत्या दलालाच्या हाताखाली त्यांनी उमेदवारी सुरू केली. स्मरणशक्ती विलक्षण, हिशेब तोंडी आणि दिलेला शब्द पक्का, यामुळे दहा वर्षांच्या आत त्यांची गणना मुंबईच्या अग्रगण्य दलालांत होऊ लागली. शेअर, सोने-चांदी आणि कापूस या तिन्ही बाजारांत त्यांचा शब्द चाले. इंग्लंडहून येणारी आगबोट बंदरात लागण्यापूर्वीच त्यांची माणसे लहान होड्यांतून समुद्रात जाऊन लिव्हरपूलचे भाव मिळवीत, असे सांगतात. बातमी आधी मिळणे म्हणजे पैसा आधी मिळणे, हे त्यांनी फार लवकर ओळखले होते.

अमेरिकेतील युद्ध आणि मुंबईचा कापूस

एप्रिल १८६१ मध्ये अमेरिकेच्या उत्तर आणि दक्षिण राज्यांत यादवी युद्ध पेटले. इंग्लंडमधील लँकेशायरच्या गिरण्यांना लागणारा सुमारे चार पंचमांश कापूस तोवर अमेरिकेच्या दक्षिणेकडून येत असे. उत्तरेच्या आरमाराने दक्षिणेची बंदरे रोखून धरली आणि गिरण्या उपाशी पडल्या. साऱ्या जगाची नजर हिंदुस्थानच्या कापसाकडे वळली. खानदेश, वऱ्हाड, धारवाड आणि भरूच येथील कापूस बैलगाड्यांतून व आगगाडीतून मुंबईत येऊ लागला. विलायतेत आपल्या सर्वच कापसाला सुरती या नावाने ओळखत, हा योगायोगही ध्यानात घेण्याजोगा आहे. भाव असे चढले की लोकांनी गाद्या-उशा उसवून आतील कापूस विकला, असे जुनी मंडळी सांगत.

युद्धाच्या त्या वर्षांत मुंबईस कापसातून नेहमीपेक्षा सुमारे ८ कोटी पौंड अधिक मिळाले, असे जुन्या इतिहासकारांनी नोंदविले आहे. इतका पैसा एकाएकी एका शहरात आला, परंतु तो गुंतविण्यास पुरेसे उद्योग नव्हते. मग पैशाने आपली वाट स्वतःच शोधली. ती वाट शेअर बाजाराची होती.

शेअरचे वेड

जानेवारी १८६५ पर्यंत मुंबईत ३१ बँका, १६ वित्तसंस्था आणि ८ जमीन कंपन्या उभ्या राहिल्या होत्या. विमा, जहाज आणि कापूस दाबण्याच्या प्रेसच्या कंपन्या निराळ्याच. यांतील पुष्कळ कंपन्यांजवळ नावाचा फलक आणि भागधारकांची यादी यापलीकडे फारसे काही नव्हते. सर्वांत गाजली ती बॅक बे रेक्लमेशन कंपनी. समुद्र हटवून जमीन तयार करण्याची तिची योजना होती. तिचा ५,००० रुपये भरणा झालेला शेअर सुमारे ५०,००० रुपयांपर्यंत गेला. समुद्र अद्याप जागच्या जागी होता, परंतु त्याच्या तळाची जमीन कागदावर दहापट भावाने विकली जात होती.

या साऱ्या घडामोडींच्या केंद्रस्थानी प्रेमचंदजी होते. नवी कंपनी निघाली की तिचे शेअर कोणास मूळ किमतीत द्यावयाचे, हे बहुतांशी त्यांच्या शब्दावर ठरे. मूळ किमतीत शेअर मिळाला की तो दुसऱ्याच दिवशी चढ्या भावाने विकता येई. त्यांची चिठ्ठी हातात पडणे म्हणजे घरबसल्या श्रीमंत होणे. त्यामुळे त्यांच्या दाराशी व्यापारी, वकील, सरकारी अधिकारी, इंग्रज आणि देशी अशा सर्वांची रीघ लागे.

पण केवळ वेडाने भाव चढत नाहीत. त्यास उसना पैसा लागतो. तो कोठून आला, हे आपण व्यापारी लोकांनी नीट समजून घेतले पाहिजे. १८४० मध्ये स्थापन झालेली बँक ऑफ बॉम्बे ही सरकारचे भागभांडवल असलेली प्रतिष्ठित बँक. १८६३ च्या नव्या कायद्याने तिच्यावरील जुने निर्बंध सैल झाले आणि कंपन्यांचे शेअर तारण ठेवून कर्ज देण्याची मुभा तिला मिळाली. झाले! शेअर तारण ठेवून कर्ज काढावे, त्या पैशाने आणखी शेअर घ्यावे, त्यामुळे भाव चढावा, आणि चढलेल्या भावावर पुन्हा अधिक कर्ज मिळावे, असे चक्र सुरू झाले. प्रेमचंदजींचे या बँकेत एवढे वजन होते की त्यांच्या शिफारशीवर मोठमोठी कर्जे मंजूर होत. जो दलाल शेअर वाटत होता, त्याच्याच शब्दावर बँक त्या शेअरवर पैसे देत होती. काटा धरणारा आणि माल विकणारा एकच असावा, तसा हा प्रकार.

१ जुलै १८६५

एप्रिल १८६५ मध्ये दक्षिणेच्या सेनापतीने शरणागती पत्करली आणि अमेरिकेतील युद्ध संपले. ही वार्ता मुंबईस पोहोचताच कापसाचे भाव कोसळले. कापसामागून शेअर कोसळले. परंतु खरा प्रलय यापुढे होता. व्यापाऱ्यांनी आपसांत असंख्य वायद्याचे सौदे करून ठेवले होते आणि त्यांची मुदत १ जुलै १८६५ रोजी भरत होती. त्या दिवशी प्रत्येकास दुसऱ्याचे देणे होते आणि कोणाजवळच पैसा नव्हता. एकाचे दिवाळे निघाले की त्याच्या मागे दहांचे निघे. सरकारला या दिवाळखोरीच्या निपटाऱ्यासाठी १८६५ चा २८ वा कायदा घाईने करावा लागला. त्याच वर्षी मुंबई इलाख्यात पैजेच्या व्यवहारांशी संलग्न करारही रद्दबातल ठरविणारा कायदा झाला. म्हणजे घर जळाल्यावर विहीर खणावी, तसे कायदे आले.

बॅक बेचा शेअर २,००० रुपयांच्याही खाली आला. बँक ऑफ बॉम्बेचा शेअर तेजीत २,८५० रुपयांपर्यंत गेला होता, तो ८७ रुपयांना विकण्याची पाळी आली. पुष्कळ शेअरवर पूर्ण रक्कम भरलेली नव्हती. त्यामुळे शेअर मातीमोल झाला तरी उरलेले हप्ते भरण्याची जबाबदारी भागधारकाच्या गळ्यात होतीच. विधवांची पुंजी, निवृत्त नोकरदारांची बचत, पिढीजात पेढ्यांची पत, सारे वाहून गेले. प्रेमचंदजी ज्यांच्या प्रवर्तकांपैकी होते, त्या एशियाटिक बँकिंग कॉर्पोरेशनचे १८६६ मध्ये दिवाळे वाजले आणि स्वतः प्रेमचंदजीही नादार झाले. जुनी बँक ऑफ बॉम्बे १८६८ मध्ये गुंडाळावी लागली आणि तिच्या जागी त्याच नावाची नवी बँक उभी राहिली. सरकारने नेमलेल्या चौकशी आयोगाने कायद्यातील सैलपणा, बँकेच्या चिटणिसांचा गैरकारभार आणि संचालकांची बेपर्वाई यांकडे बोट दाखविले.

यात प्रेमचंदजींचा दोष किती, यावर विद्वानांनी वाद घातला आहे. त्या वेळी जे घडले, त्यातील बरेचसे तत्कालीन कायद्याने निषिद्ध नव्हते. परंतु कायद्याने निषिद्ध नसणे आणि श्रावकाच्या आचारास शोभणे, यांत अंतर आहे. आपल्या तत्त्वार्थसूत्राच्या सातव्या अध्यायात अणुव्रतांचे अतिचार सांगितले आहेत. त्यांत खोटा लेख करणे म्हणजे कूटलेखक्रिया, दुसऱ्याच्या ठेवीचा अपहार म्हणजे न्यासापहार आणि राज्याच्या नियमांचे उल्लंघन म्हणजे विरुद्धराज्यातिक्रम हे दोष स्पष्ट नोंदविलेले आहेत. परिग्रहाला मर्यादा घालण्याचे व्रत तर स्वतंत्रच आहे. त्या तेजीत साऱ्या मुंबईने ही मर्यादाच सोडली होती. त्यात आपले लोकही मागे नव्हते, हे नम्रतेने मान्य केले पाहिजे.

जे दिले ते उरले

आता चरित्राची दुसरी बाजू पाहू. वैभवाच्या भरात, १८६४ मध्ये, प्रेमचंदजींनी मुंबई विद्यापीठास ग्रंथालयासाठी २ लाख आणि घड्याळाच्या मनोऱ्यासाठी २ लाख रुपये दिले. मनोऱ्यास आपल्या मातोश्री राजाबाई यांचे नाव द्यावे, एवढीच इच्छा. सर जॉर्ज गिल्बर्ट स्कॉट या इंग्रज वास्तुविशारदाने त्याचा आराखडा केला. १८६९ मध्ये पायाभरणी झाली आणि १८७८ मध्ये सुमारे २८० फूट उंचीचा मनोरा पूर्ण झाला. राजाबाईंना दृष्टी नव्हती आणि त्या रात्रिभोजन-त्यागाचे व्रत कसोशीने पाळीत. सूर्यास्तापूर्वीची भोजनवेळ त्यांना घंटेच्या नादावरून कळावी, हा पुत्राचा हेतू होता, अशी परंपरेने सांगितली जाणारी कथा आहे. २०१८ मध्ये युनेस्कोने मुंबईतील ज्या वास्तुसमूहास जागतिक वारसा म्हणून मान्यता दिली, त्यात हा मनोराही येतो.

कलकत्ता विद्यापीठासही त्यांनी २ लाख रुपये दिले आणि त्यातून १८६६ मध्ये प्रेमचंद रायचंद शिष्यवृत्ती सुरू झाली. सर आशुतोष मुखर्जी आणि इतिहासकार जदुनाथ सरकार यांच्यासारखे विद्वान या शिष्यवृत्तीचे मानकरी आहेत. अहमदाबादेत शिक्षक घडविणारे प्रेमचंद रायचंद ट्रेनिंग कॉलेज आणि भरूच येथील वडिलांच्या नावाचे ग्रंथालय हीदेखील त्यांच्या औदार्याची फळे आहेत.

येथे एक गोष्ट मनाला फार लागते. विद्यापीठास दिलेली रक्कम त्यांच्याजवळच राहिली असती, तर १८६५ च्या वादळात तीही नाहीशी झाली असती. जे त्यांनी जपून ठेवले ते गेले, आणि जे हातातून सोडले तेच उरले. अपरिग्रहाचा याहून प्रत्यक्ष पुरावा व्यापाऱ्याच्या जीवनात सापडणे कठीण आहे.

दिवाळ्यानंतर ते मुंबई सोडून गेले नाहीत. लोकांच्या नजरा चुकवून बसले नाहीत. पुन्हा दलालीच्या व कापसाच्या धंद्यास लागले आणि हळूहळू आपली पत पुन्हा उभी केली. पूर्वीचे साम्राज्य परत आले नाही, पण नाव परत आले. १९०६ मध्ये त्यांचे निधन झाले, तेव्हा लोकांच्या मनात त्यांच्या दिवाळ्याहून त्यांचे दान मोठे झाले होते.

वडाच्या झाडापासून दलाल स्ट्रीटपर्यंत

मुंबईचे दलाल आरंभी टाउन हॉलसमोर, आजच्या हॉर्निमन सर्कलच्या परिसरात, वडाच्या झाडाखाली जमत. पुढे जागा बदलत बदलत १८७४ मध्ये ते दलाल स्ट्रीटवर स्थिरावले. ९ जुलै १८७५ रोजी नेटिव्ह शेअर अँड स्टॉक ब्रोकर्स असोसिएशनची स्थापना झाली. सभासद ३१८ आणि प्रवेश फी १ रुपया. तिच्या संस्थापकांत प्रेमचंदजी अग्रणी मानले जातात. हीच संस्था पुढे मुंबई शेअर बाजार म्हणून जगप्रसिद्ध झाली. प्रलयानंतर अवघ्या दहा वर्षांनी दलालांनी स्वतःहून नियमांचे कुंपण घालून घेतले, याचे महत्त्व मोठे आहे. ठेच लागलेल्या पुरुषांनी मागून येणाऱ्यांसाठी वाटेवर दिवा ठेवला, असे मी मानतो.

तोच धडा अमेरिकेत

ज्या देशाच्या युद्धामुळे मुंबई चढली आणि पडली, त्या अमेरिकेलाही हा धडा पुढे गिरवावा लागला. ऑक्टोबर १९२९ मध्ये न्यूयॉर्कचा बाजार कोसळला आणि जुलै १९३२ पर्यंत तेथील प्रमुख निर्देशांकाने जवळजवळ नऊ दशांश मूल्य गमावले. तोवर तेथे शेअरविक्रीसंबंधी कायदे होते ते राज्यांचे. एका राज्यात बंदी आली की दुसऱ्या राज्यातून टपालाने माल खपविता येई. अमेरिकेच्या सिनेटने चौकशी आरंभिली आणि फर्डिनांड पेकोरा या वकिलाने मोठमोठ्या बँकर्सना साक्षीस उभे केले. प्रतिष्ठित पेढ्या आपल्या मर्जीतील बड्या लोकांना बाजारभावाहून कमी किमतीत शेअर देत असत, हे त्यात उघड झाले. मुंबईतील ती चिठ्ठी येथे आठवल्यावाचून राहत नाही!

त्यानंतर अध्यक्ष रूझवेल्ट यांच्या काळात केंद्र सरकारचे, म्हणजे फेडरल, कायदे झाले. १९३३ च्या कायद्याने जनतेस रोखे विकण्यापूर्वी कंपनीने आपली संपूर्ण माहिती सरकारकडे नोंदविणे आणि माहितीपत्रकात प्रसिद्ध करणे बंधनकारक केले. त्यात महत्त्वाचे असत्य आढळल्यास संचालक, हिशेब तपासणारे आणि विक्रीची हमी घेणारे, सर्वजण गुंतवणूकदारास भरपाई देण्यास जबाबदार ठरू लागले. १९३४ च्या कायद्याने शेअर बाजार व दलाल यांवर देखरेख ठेवण्यासाठी सिक्युरिटीज अँड एक्स्चेंज कमिशन नेमले, कंपन्यांना नियमित अहवाल देणे भाग पाडले, कृत्रिम रीतीने भाव चढविण्यास मनाई केली आणि शेअरच्या तारणावर किती उधारी द्यावी याची मर्यादा ठरविण्याचा अधिकार तेथील मध्यवर्ती बँकेस दिला. कमिशनचे पहिले अध्यक्ष जोसेफ केनेडी हे स्वतः बाजारातील मुरलेले खेळाडू होते, हेही विशेष.

या कायद्यांचे मर्म समजण्यास वकील असण्याची गरज नाही. अमुक शेअर चांगला आहे, असे सरकार कधीच सांगत नाही. नुकसान होणार नाही, अशी हमीही देत नाही. ते एवढेच म्हणते की मालाचा दोष लपवून तो विकू नका. आपण कापडाच्या दुकानात विणीतला दोष ग्राहकास दाखवून मगच तागा फाडतो. तो घ्यावा की न घ्यावा, हे ग्राहकाने ठरवावे. शेअरच्या व्यवहारात दोष डोळ्यांना दिसत नाही, म्हणून तो लिहून दाखविण्याची सक्ती केली, इतकेच. १८६५ मध्ये मुंबईत माहितीपत्रकाची ही सक्ती आणि तारणकर्जाची ही मर्यादा, या दोनच गोष्टी असत्या, तर कितीतरी घरे वाचली असती.

आपल्या देशातही पावले पडत गेली. १९२५ चा मुंबई इलाख्याचा कायदा, १९५६ चा रोखे करार नियमन कायदा आणि त्याखाली १९५७ मध्ये मुंबई शेअर बाजारास मिळालेली कायम मान्यता, १९८८ मध्ये स्थापन झालेली सेबी आणि १९९२ मध्ये तिला मिळालेले वैधानिक अधिकार, ही त्यांतील ठळक पावले. १९९२ च्या घोटाळ्यातही बँकांचा पैसा शेअर बाजारात वळला होता. म्हणजे सव्वाशे वर्षांनंतर रोग तोच निघाला.

आपल्यासाठी बोध

मी स्वतः वाणिज्य शाखेचा पदवीधर, तरीही १९९० नंतरच्या दशकात झाडे लावून अल्पावधीत अनेकपट रक्कम परत देण्याचे आश्वासन देणाऱ्या एका कंपनीत पैसे गुंतवून बसलो. माहितीपत्रक वाचले नाही, कारण सांगणारा ओळखीचा होता. पैसे परत आले नाहीत. माझ्या भरवशावर दोन नातलगांनीही पैसे घातले होते, त्याचे दुःख अधिक आहे. स्वतःचे नुकसान मनुष्य विसरतो. आपल्या शब्दावर दुसऱ्याचे झालेले नुकसान विसरता येत नाही. प्रेमचंदजींच्या मनावर १८६५ नंतर किती भार असेल, याची थोडी कल्पना मला तेव्हा आली.

आपल्या ट्रस्टजवळ समाजाने विश्वासाने दिलेला निधी आहे. देवद्रव्याची जबाबदारी किती कठोर आहे, हे आपण जाणतो. १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायद्याने विश्वस्त निधी कोठे गुंतवावा याची मर्यादा घातली आहे आणि दरवर्षी हिशेब तपासून घेण्याचे बंधन ठेवले आहे. बँकेचे व्याज थोडे, बाहेर अधिक मिळेल, असे म्हणणारे हितचिंतक प्रत्येक पिढीत भेटतात आणि पुढेही भेटतील. त्यांचा हेतू वाईट नसतो. परंतु विश्वस्तांनी अशा वेळी बॅक बेचा शेअर आठवावा. ५० वर्षे जपलेला निधी हा कोणाच्या हुशारीची परीक्षा घेण्याचे साधन नव्हे. येथे कायद्याचे कुंपण आणि धर्माचे कुंपण एकाच रेषेवर उभे आहे, हे आपले भाग्यच म्हटले पाहिजे.

यापुढे कधी मुंबईस फोर्ट भागात जाणे झाले, तर राजाबाई टॉवरसमोर क्षणभर थांबावे. मुलांना मातृभक्तीची आणि दानाची कथा सांगावी. आणि त्याचबरोबर हेही सांगावे की ज्याने हा मनोरा दिला, त्याने आयुष्यात एकदा मर्यादा ओलांडली होती, त्याचे फळ भोगले होते, आणि तरीही तो पुन्हा उभा राहिला होता. अशा पुरुषाच्या स्मृतीस विनम्र वंदन करून हा लेख पूर्ण करतो. लिहिताना काही न्यून-अधिक झाले असल्यास मिच्छामि दुक्कडम्.

जय जिनेंद्र!